हडळ : स्वतः

शालूबाई विश्रामबागेतल्या घराच्या फाटकात येऊन उभ्या राहिल्या तेव्हा राजाराम शिंत्र्यांनी आधी त्यांच्या पायांकडे बघितलं आणि मग तोंडाकडे. सगळं अर्ध्या क्षणात झालं. सकाळचे साडेसात वाजले होते, फेब्रुवारीचं ऊन होतं, शिंत्र्यांच्या तोंडात टूथपेस्टचा फेस होता, आणि आपण काय केलं हे त्यांच्या ध्यानात यायच्या आत ते शालूबाईंच्या ध्यानात आलं होतं. त्यांनी चपला काढल्या, लुगड्याचा काठ वीतभर उचलला आणि एक पाऊल पुढं ठेवलं.

"बगा. सरळच हायत," त्या म्हणाल्या. "तुमीबी, सायेब?"

शिंत्रे थुंकायला म्हणून बाजूला वळले आणि गरजेपेक्षा जास्त वेळ तसेच राहिले. लाजण्यासारखं त्यांनी आयुष्यात पुष्कळ केलं होतं आणि त्यातलं बरंचसं पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर उपलब्ध होतं. पण लाजण्याची सवय राहिली नव्हती. हे पाय उलटे केले होते ते त्यांनीच. तासगावजवळच्या एका द्राक्षबागेच्या बांधावर, दीड वर्षापूर्वी, भर उन्हात. युक्ती साधी होती आणि बिनखर्चाची असल्यामुळे त्यांना ती फार आवडली होती. बाईनं कॅमेऱ्याकडे पाठ करायची, केस मोकळे सोडायचे, लुगडं उलटं नेसायचं, म्हणजे निऱ्या आणि पदर पाठीकडून, आणि मागं मागं चालत कॅमेऱ्याकडे यायचं. पडद्यावर दिसायची ती तोंडावर केस पसरून समोरून चालत येणारी बाई, जिच्या टाचा पुढं आणि बोटं मागं. मुखवटा नको, रंग नको, अभिनय तर नकोच. रात्रीचं चित्रीकरण करायला दिवे लागतात. शिंत्र्यांच्या चित्रपटांतल्या सगळ्या रात्री दुपारी बारा ते तीनच्या दरम्यान झालेल्या होत्या आणि नंतर प्रिंट काढताना काळ्या केलेल्या होत्या. तापलेल्या मातीनं पाय भाजत म्हणून शालूबाई पाऊल टेकलं की लगेच उचलत. त्या चालीनं पुढं चार तालुक्यांतल्या लोकांच्या अंगावर काटा आला. हे सगळं ज्याला ठाऊक, त्यानं सकाळी साडेसातला त्या बाईच्या पायांकडे बघावं.

शालूबाई पायरीवर बसल्या, चहा नको म्हणाल्या, आणि जे सांगायचं ते रडगाणं न लावता सांगितलं. त्यांच्या मुलीचं, अंजनाचं, मेढ्याला जमलं होतं. मुलगा कृष्णात, एस्टीत कंडक्टर. बाप आप्पासो, फौजेतून हवालदार म्हणून पेन्शनीत आलेला. सुपारी फुटली होती, लग्न वैशाखात. मधेच शालूबाईंच्या गावच्या जत्रेत लालासाहेबांचा सिनेमाचा तंबू आला आणि तंबूत शिंत्र्यांचा 'उलट्या पावलांची' लागला. शालूबाईंच्या बरोबर भांगलायला जाणाऱ्या दोघी पुढच्या तट्ट्यावर बसल्या होत्या. शेताच्या बांधावरून बायका एकामागं एक जातात आणि मागचीला वर्षानुवर्षं पुढचीची टाच दिसत असते. शालूबाईंच्या डाव्या टाचेवर खुरप्याच्या जखमेचा चंद्रकोरीसारखा वण होता. शिंत्र्यांनी त्या टाचेचा पडदाभर क्लोजअप घेतला होता, कारण टाच ही सगळ्यात स्वस्त गोष्ट होती. एक जण म्हणाली, ही शालूची टाच. दुसरी म्हणाली, शालू पिक्चरमध्ये कशी असेल, तिला एस्टी लागते, तासगावपर्यंत जायचं तर लिंबू हुंगत जाते. दोघींचंही म्हणणं बरोबर असल्यामुळे मग तिसरीच गोष्ट शिल्लक राहिली. पडद्यावर सुरुवातीला नावं येतात, त्यांत नायक अमुक, खलनायक तमुक असं लिहून शेवटी लिहिलेलं होतं : हडळ — स्वतः.

ती पाटी शिंत्र्यांनी स्वतःच्या हातानं रंगवली होती. नाव घालू नका, अशी शालूबाईंचीच अट होती. घरी त्यांनी मिरजेकडं द्राक्षाच्या विरळणीला जाते असं सांगितलं होतं. नावाच्या जागी मोकळी जागा वाईट दिसते. विलिंग्डन कॉलेजात इंग्रजी घेऊन बी. ए. झालेल्या माणसाला मोकळ्या जागेत विनोद सुचतो. 'स्वतः' लिहून झाल्यावर शिंत्रे एकटेच हसले होते. हा विनोद कळेल अशी सांगलीत पाचसहा माणसं होती आणि त्यांतलं एकही तंबूत जाणारं नव्हतं. तंबूत जाणाऱ्यांना विनोद दिसलाच नाही. त्यांना माहिती दिसली.

शालूबाईच हडळ ही बातमी मेढ्याला पोचली आणि तिथून 'विचार करून कळवतो' असा निरोप आला होता. मोडलं, असं कोणी म्हणत नाही. कळवतो म्हणतात, आणि मग मुलगी कळायची वाट बघत म्हातारी होते. आज दुपारी आप्पासोंच्या अंगणात भावकी बसणार होती. शिंत्र्यांनी यावं आणि सांगावं, ती बाई शालूबाई नव्हे. त्या पिक्चरमध्ये होत्या, हे मात्र सांगायचं नाही. शिंत्रे म्हणाले, अहो, युक्ती होती एवढं सांगितलं की संपलं. शालूबाईंनी मान हलवली. त्यांचा नवरा ज्ञानू सरहद्दीवर कुठंतरी होता, वर्षातून एकदा रजेवर यायचा.

"हडळ म्हणलं तर त्ये हसतील," त्या म्हणाल्या. "पिक्चर म्हणलं तर येतील."

साडेआठची सातारा गाडी मिळाली. शालूबाई खिडकीशी बसल्या, हातात लिंबू. शिंत्रे शेजारी, मांडीवर पिशवी. इस्लामपूर येईपर्यंत दोघं बोलले नाहीत, आणि शिंत्र्यांना ते सोयीचं होतं, कारण त्यांच्याकडेही न सांगितलेली एक गोष्ट होती. परवा, शुक्रवारी, साताऱ्यात त्यांचा नवा चित्रपट लागत होता. तंबूत नव्हे, थिएटरात. सिमेंटचं छप्पर, खुर्च्या, बाल्कनी. अकरा वर्षं शिंत्रे तंबूच्या मागच्या कनातीशी उभं राहून आपले चित्रपट बघत आले होते; बघत म्हणजे ऐकत. त्याआधी साताऱ्यात त्यांचा फोटो स्टुडिओ होता. भरतीला निघालेल्या पोरांचे फोटो काढायचे : कॉलर उधार, कोट उधार, चेहऱ्यावरचा करारीपणाही उधारच. शेकडो पोरांना 'हलू नको' म्हणून सांगितल्यावर हलणाऱ्या गोष्टींचं वेड लागलं असावं. पहिला चित्रपट हुंड्याविरुद्ध होता. लोक झोपले. नुसते झोपले नाहीत, आडवे झाले. तंबूत ती सोय असते. पण त्यातल्या एका प्रसंगात सासूची सावली चुकून सुनेच्या पाठीमागच्या भिंतीवर मोठी पडली होती आणि अंधारातून एका बाईनं श्वास आत ओढला. एकाच बाईनं. कनातीशी उभ्या असलेल्या शिंत्र्यांच्या मानेवरून तो श्वास गेला. समाजप्रबोधन तिथंच संपलं. त्यानंतर त्यांनी विहिरीतली बाई केली, वडावरची जाऊ केली, मुका गुरव केला, आणि प्रत्येक वेळी ते पडद्याकडे पाठ करून त्या एका आवाजाची वाट बघत राहिले. टाळ्या नकोत, शिट्ट्या नकोत. दोनशे माणसांनी एकदम श्वास आत घेतला की तंबूची कनात किंचित आत येते असं त्यांना वाटे. विज्ञानाच्या दृष्टीनं हे शक्य नव्हतं, पण विज्ञान तंबूत येत नव्हतं.

तंबूवाले लालासाहेब हे भुतावर विश्वास नसलेले आणि प्रेक्षकांवर पूर्ण विश्वास असलेले गृहस्थ होते. 'स्वतः'ची गंमत त्यांनी पहिल्याच आठवड्यात हेरली. गावागावांत जीपवरून कर्णा ओरडत फिरू लागला : यातली हडळ खरी आहे. शिंत्र्यांनी थोडी कुरकुर केली. लालासाहेब म्हणाले होते, तुमी कशाला खोटं बोलताय, तुमी निस्तं गप बसा. गप्प बसणं शिंत्र्यांना जमत गेलं. नव्या चित्रपटासाठी शालूबाईंना पुन्हा बोलवावं, असं एकदा मनात आलं होतं. पण आधीच्या चित्रीकरणातून उरलेली रिळं होती, त्यांत शालूबाई भरपूर चाललेल्या होत्या. माणूस न बोलवता माणसाचं चालणं वापरता येतं, हा या धंद्यातला सगळ्यात भयंकर भाग आहे असं शिंत्र्यांना कराडच्या पुलावर वाटलं, आणि पूल संपल्यावर वाटेनासं झालं.

गाडी साताऱ्यात शिरली, पोवई नाक्यावर थांबली आणि खिडकीच्या बरोबर समोर भिंत आली. निवडणुकीच्या रंगवलेल्या अक्षरांवर चार पोस्टर ओळीनं चिकटवली होती. काळ्यावर पिवळ्या दोन टाचा, माणसाएवढ्या. शालूबाई चौथीपर्यंत शिकलेल्या होत्या. त्या पोस्टरवरची अक्षरं एकेक करून, ओठ हलवत वाचत गेल्या, आणि शिंत्रे शेजारी बसून ऐकत राहिले. ती — च. पु — न्हा. ख — री. गाडी सुटत नव्हती. कुणीतरी टपावरून बोचकं उतरवून घेत होतं.

"ही कोण?" शालूबाईंनी विचारलं.

"तुम्हीच," शिंत्रे म्हणाले. "उरलेली."

शालूबाईंनी लिंबू नाकाशी धरलं आणि डोळे मिटले. काहीतरी म्हणाल्या असत्या तर शिंत्र्यांकडे उत्तरं होती. सबंध इस्लामपूर ते कराड त्यांनी ती तयार केली होती.

स्टँडवर मेढा गाडीला अर्धा तास अवकाश होता. शिंत्रे पाय मोकळे करून येतो म्हणाले आणि पाय त्यांना सरळ थिएटरकडे घेऊन गेले. दुपारची वेळ, दार उघडं, आत झाडलोट चाललेली. ते बाल्कनीत जाऊन एका खुर्चीत बसले. पडदा पांढरा होता आणि खरोखरच मोठा होता. शुक्रवारी इथं सहाशे माणसं बसतील. सहाशे माणसांचा श्वास. आज मेढ्यात युक्ती सांगितली तर ती दुधाच्या गाडीबरोबर संध्याकाळपर्यंत साताऱ्यात येईल, आणि शुक्रवारी ते सहाशे लोक टाचा बघून एकमेकांना कोपरानं ढोसतील. हसलेला माणूस पुन्हा भीत नाही. आणि न सांगितली तर? एक मुलगी, जिला शिंत्र्यांनी बघितलेलंही नव्हतं, कळायची वाट बघेल. मुली बघतातच वाट. दुसरं स्थळ येईल. असं सगळं सुरळीत मनात येत होतं, घड्याळात गाडीची वेळ होत होती, आणि शिंत्र्यांना एकदम जाणवलं की आपण इथंच बसून राहिलो तर काहीही होणार नाही. कोणी ओरडणार नाही. शालूबाई एकट्या जातील, एकट्या उभ्या राहतील, परत येतील. इतकं सोपं आहे हे. ते उठले. का उठले, हे त्यांना नीट सांगता आलं नसतं. पिशवी शालूबाईंजवळ राहिली होती हे एक कारण होतं, आणि पुढं मेढ्यापर्यंत वेण्णेच्या कडेनं गाडी वळणं घेत असताना ते तेच कारण स्वतःला पुन्हा पुन्हा सांगत होते.

आप्पासोंच्या अंगणात वीसपंचवीस माणसं बसली होती. पुरुष घोंगड्यांवर, बायका सोप्यातल्या दाराशी, आणि आप्पासोंची आई दगडाबाई मध्यभागी बाजेवर. शालूबाई बायकांत जाऊन उभ्या राहिल्या. त्यांच्या दोन्ही बाजूंच्या बायका सरकल्या. फार नाही, पण जागा झाली. मुलगा कृष्णात भिंतीशी मान खाली घालून उभा होता, तिकीट न घेतलेल्या प्रवाशासारखा. आप्पासोंनी पाणी दिलं, गूळ दिला, वाटेची चौकशी केली आणि मग मुद्द्यावर आले.

"म्या अठरा वर्सं फौजेत काढली," ते म्हणाले. "भूतबीत मी मानत न्हाई. पर माज्या पोराचं लगीन गावात व्हायचंय, पावणं, फौजेत न्हाई."

शिंत्र्यांनी ठरवल्याप्रमाणे सांगितलं की चित्रपटातली बाई ही नव्हे, दुसरी. कोण, असं आप्पासोंनी विचारलं. कोल्हापूरची. नाव? शिंत्र्यांनी आयुष्यात पन्नासेक बायकांची नावं बनवली होती, बहुतेक अकाली मेलेल्या. त्या घटकेला एकही आठवेना. आप्पासो शांतपणे म्हणाले, पत्ता द्या, माझा भाचा कोल्हापुरात असतो, जाऊन बघून येईल. घोंगडीवरचा एक जण म्हणाला, "तुमच्याच पिक्चरवर तुमीच लिवलंय की, स्वतः म्हणून. आता न्हाई म्हणताय. लिवल्यालं खरं का बोलल्यालं?" बाकीच्यांनी माना हलवल्या. छापील गोष्टीपुढं माणसाच्या शब्दाला काय किंमत, हे शिंत्र्यांनी स्वतःच अकरा वर्षं लोकांना शिकवलं होतं.

शिंत्र्यांनी दाराकडे बघितलं. शालूबाईंनी दाराची चौकट घट्ट धरली होती. ही बाई म्हणजे हडळ नव्हे, नटी आहे, एवढं एक वाक्य बोललं की शिंत्रे मोकळे होत होते. ते वाक्य तोंडात तयार होतं. त्याला चवसुद्धा होती.

"बाई नव्हतीच ती," शिंत्रे म्हणाले. "मी होतो."

शिंत्र्यांना स्वतःचाच आवाज लांबून, कर्ण्यातून आल्यासारखा ऐकू आला. ते सांगत सुटले. आमच्या सांगलीला पुरुषांनी लुगडं नेसून रंगमंचावर उभं राहायची जुनी रीत आहे. बाई ठेवायची ऐपत नव्हती. स्वतःचं नाव कसं घालणार म्हणून नुसतं 'स्वतः' लिहिलं. स्वतः म्हणजे मी स्वतः. बोलता बोलता त्यांच्या लक्षात आलं की हे खऱ्यापेक्षा चांगलं जुळतंय. आप्पासो उठून जवळ आले.

"पाय दावा."

शिंत्र्यांनी बूट काढले, मोजे काढले आणि भिंतीकडे तोंड करून एक पाय मागं उचलला. आप्पासो वाकले. भरतीच्या वेळी बघावं तसं त्यांनी टाच बघितली, अंगठ्यानं दाबली. विश्रामबागेतली टाच होती. गुलाबी, मऊ, पुस्तकी.

"ही टाच कवा रानात गेल्याली दिसत न्हाई," आप्पासो म्हणाले.

"राख आणि डिंक लावला होता," शिंत्रे म्हणाले. "वणसुद्धा डिंकाचाच."

आप्पासोंनी पाय सोडला. त्यांचा विश्वास बसला नव्हता, बसायची इच्छा मात्र होती; भाकरी पुढं ठेवल्यावर भूक लपवणाऱ्या माणसासारखं त्यांचं तोंड झालं होतं. ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "मग चालून दावा."

लुगडं दगडाबाईंचं आलं, हिरवं, धुऊन विरलेलं. शिंत्र्यांनी ते पँटवरूनच, उलटं, निऱ्या पाठीकडं घेऊन नेसलं. चित्रीकरणात शालूबाईंना शंभरदा सांगितलेली गोष्ट स्वतः करताना बोटं अडखळत होती. केसांचा प्रश्न आला. पाठीमागून डोक्यावर जे होतं ते केस म्हणण्यासारखं राहिलं नव्हतं. रुपयाएवढा सुरू झालेला गोल आता बशीएवढा झाला होता. दगडाबाईंनीच बाजेवरून सुचवलं, पदर घ्या टकुऱ्यावरनं. शिंत्र्यांनी मागून पदर डोक्यावर ओढला, कपाळाशी हातात धरला, आणि अंगणाच्या वरच्या टोकाला, घराच्या भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. पाठीमागं माणसं. पुढ्यात शेणानं सारवलेली भिंत आणि बाजूला दारातल्या बायका.

ते मागं चालू लागले. आधी कुणी खोकलं, कुणीतरी दबकं फिसकलं. माती तापलेली होती. पाऊल टेकलं की चटका बसे आणि पाऊल आपोआप वर उचललं जाई, थोडं थरथरत, आणि शिंत्र्यांना कळलं की ही तीच चाल आहे, शालूबाईंची चाल. चौथ्या पावलाला फिसकणं थांबलं. सहाव्याला शांतता झाली. शिंत्र्यांना पाठीमागचं काही दिसत नव्हतं, पण ऐकण्याला त्यांचे कान तयार झालेले होते. ही शांतता त्यांना माहीत होती. लहान पोरं कुणाच्यातरी कुशीत शिरली. बाजेची दोरी कुरकुरली. आणि मग भर दुपारी, उन्हात, पँटवर लुगडं नेसलेल्या त्रेपन्न वर्षांच्या माणसाकडे बघून त्या अंगणानं श्वास आत ओढायला सुरुवात केली. तंबू नाही, अंधार नाही, कर्णा नाही. असं कधीच झालं नव्हतं. शिंत्र्यांच्या मानेवरून शिरशिरी गेली. अजून दोन पावलं, आणि मान किंचित डावीकडे कलली की झालं. कुठं थांबायचं, किती थांबायचं, सगळं त्यांना ठाऊक होतं, मान कलायला लागलीच होती. दारातल्या बायकांनी एकमेकींना धरलं होतं. आणि त्या सगळ्या शिंत्र्यांकडे बघत नव्हत्या. शालूबाईंकडे बघत होत्या.

शिंत्र्यांनी पदर सोडला.

तो खांद्यावरून घसरून खाली गेला. उन्हात टक्कल चकाकलं असावं. क्षणभर काहीच झालं नाही, आणि त्या क्षणात शिंत्रे मागं एक पाऊल टाकून, आवश्यक नसताना, लुगड्याच्या काठात अडखळले.

"आगं बया," दगडाबाई बाजेवरून म्हणाल्या, "ह्या हडळीचं तर समदं क्यास न्हाणीतच गळल्यालं दिसत्यात."

अंगण फुटलं. पोरं, पुरुष, बायका, कृष्णातसुद्धा. आप्पासो गुडघ्यावर हात आपटून हसत होते, फौजेतला दम लागेपर्यंत. कुणीतरी त्यांच्या चालीला आपल्या म्हशीचं नाव दिलं. कुणीतरी म्हणालं, ह्याला बगून आमची म्हातारी आठ दिस दाराला कडी लावून निजली. हसण्यातूनच आप्पासो ओरडून सांगत होते की वैशाखातली तारीख आहे तीच राहील, भटजीला निरोप द्या. आणि दुसरं कुणी सांगत होतं की दुधाच्या गाडीवरच्या नाथाजीला हाक मारा, त्यानं हे बघितलंच पाहिजे, साताऱ्यात सांगेल सगळ्यांना. शिंत्रे भिंतीकडे तोंड करूनच उभे होते. पाठीवर हसू पडत होतं, ढेकळं पडावीत तसं, आणि प्रत्येक ढेकूळ शुक्रवारच्या बाल्कनीतून आल्यासारखं ओळखीचं लागत होतं.

"वन्स मोअर," पाठीमागून कुणीतरी ओरडलं. मग सगळेच ओरडू लागले. आप्पासोंची सूचना आली की पावण्यांनी या खेपेस वर सोप्यावरनं चालावं, म्हणजे मागच्यांनाही दिसेल.

शिंत्रे सोप्यावर चढले आणि बायकांच्या समोर, दाराकडे तोंड करून उभे राहिले. त्यांचा चेहरा आता फक्त दारातल्यांना दिसत होता. तो कसा होता कोण जाणे. पुढच्या दोघींचं हसणं विरलं आणि त्यांनी नजर दुसरीकडे नेली. शालूबाईंनी नेली नाही. चौकट सोडून त्या अर्धं पाऊल पुढं आल्या होत्या, आणि त्यांच्या दोन्ही बाजूंची जागा आता भरलेली होती.

"मागं पायरी हाय, सायेब," त्या इतरांना ऐकू जाणार नाही इतक्या हळू म्हणाल्या. "पाय वाईच खाली सोडा."

शिंत्र्यांनी पाय मागं सोडला.